निवेदनाविना माहितीपट: सुरुवात निपाणीतून

निपाणीत घरोघरी वळलेल्या विड्या स्त्रिया जमा करायला आणतात. तिथे मोजणी होते, सदोष विड्या बाजूला काढल्या जातात आणि मजुरी दर हजार विड्यांमागे धरली जाते. काम देणारा आणि करणारी यांचे नाते त्या थोड्या वेळात जेवढे उघड होते, तेवढे तासाभराच्या मुलाखतीतही होत नाही. म्हणून निरीक्षणात्मक माहितीपट, म्हणजे निवेदन न घालता समोर घडते तेच दाखवणारा माहितीपट, करू पाहणाऱ्याने आधी अशी जागा निवडावी. एखादी करुण व्यक्तिरेखा शोधत फिरू नये.

अमेरिकी दिग्दर्शक फ्रेडरिक वाइजमन यांनी शाळा, रुग्णालय, न्यायालय, ग्रंथालय अशा संस्थांवर अर्धशतकभर जे माहितीपट केले, त्यांत निवेदन नाही, मुलाखत नाही आणि बाहेरून जोडलेले संगीतही नाही. आधी फारसे संशोधन न करता चित्रण हेच संशोधन मानण्याची त्यांची रीत होती.

परवानगी मात्र आधीच आणि नीट घ्यावी, ती मालकाकडून आणि विड्या वळणाऱ्या प्रत्येकीकडून, तिला समजेल त्या भाषेत. १९६७ च्या पहिल्याच माहितीपटात वाइजमन यांनी मॅसॅच्युसेट्समधील मनोरुग्ण कैद्यांच्या रुग्णालयाचे चित्रण केले होते. कैद्यांच्या खासगीपणाचे कारण देऊन न्यायालयाने त्याच्या सार्वजनिक प्रदर्शनावर घातलेले निर्बंध १९९१ मध्ये उठले.

चित्रणाच्या वेळी दिग्दर्शकाने माइक आणि हेडफोन स्वतःकडे ठेवावेत. वाइजमन ध्वनिमुद्रण स्वतः करत आणि कॅमेरामनला खुणेने दिशा देत. पान कातरणाऱ्या कात्रीचा आवाज, मोजणीचे पुटपुटणे, मध्येच पडणारी शांतता हे ज्याच्या कानी पडते, त्यालाच कॅमेरा केव्हा वळवावा हे कळते. कोणालाही एखादी कृती पुन्हा करायला सांगू नये. मी एकदा ती चूक केली. त्या बाईंनी कृती केली खरी, पण त्यानंतर दिवसभर त्या माझ्याकडे पाहूनच काम करत राहिल्या, आणि ते चित्रण मला टाकून द्यावे लागले.

सीमाभागात भाषेकडे अधिक लक्ष हवे. बेळगाव, खानापूर, चिकोडी या पट्ट्यात माणसे एकाच संभाषणात मराठीतून कानडीत जातात आणि परत येतात. हिशेबाला कोणती भाषा येते, तक्रारीला कोणती आणि समोर कोण असताना ती बदलते, हे तोडू नये. उपशीर्षकांत दोन भाषांना दोन रंग द्यावेत, म्हणजे त्या न जाणणाऱ्या प्रेक्षकालाही वळण दिसेल.

खरे लेखन संकलनात होते. शंभर तासांच्या चित्रणातून दोन तास निवडायला वर्षही लागू शकते, आणि ते द्यावे. घरी मांडीवर सूप घेऊन विड्या वळणाऱ्या हातांचे दीर्घ दृश्य आधी ठेवले आणि सदोष विड्या बाजूला काढण्याचे दृश्य त्यानंतर आणले, तर त्या मूठभर विड्यांमागची मेहनत निवेदनाशिवाय पोचते. क्रम उलटा केला, तर तीच मोजणी केवळ व्यवहार वाटते. दृश्य समजत नाही असे वाटल्यास वाक्य लिहायला बसू नये, त्याच्या आधीचे दृश्य बदलून पाहावे.

कच्ची आवृत्ती त्या स्त्रियांना दाखवावी, हे माझे स्वतःचे मत. त्या वेळी पडद्याकडे न पाहता त्यांच्याकडे पाहावे, आणि जिथे त्या एकमेकींशी बोलू लागतील ती जागा वहीत टिपून ठेवावी.