ग्रीक नियतीचा धागा टकळीवर कसा काढायचा

मोइराई (एकवचन मोइरा) म्हणजे ग्रीकांच्या नियतीच्या देवता. त्यांचं नाव काढलं की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर एकच चित्र येतं: तीन बायका, एक (क्लोथो) कातते, दुसरी (लॅखेसिस) मोजते, तिसरी (अॅट्रोपोस) कात्रीने कापते. त्यातली कात्री बरीच उशिरा आली आणि कामाची एवढी चोख वाटणी जुन्या ग्रीक काव्यात सापडत नाही. नुसत्या भाषणाने हे गळी उतरत नाही. हातात टकळी आणि मूठभर लोकर आली की अर्ध्या तासात उतरतं. ठाणे-नवी मुंबईतली शाळा, वाचनालय किंवा सोसायटीचा हॉल डोळ्यांसमोर ठेवून ही कृती लिहिली आहे. माणसं बारा, वेळ अडीच तास, वय आठवीच्या पुढचं.

सामान

प्रत्येकी एक टकळी लागेल. सूतकताईची पितळी टकळी घरात असेल तर ती राहू द्या. ती वाटीत टेकवून कापूस कातायला बनवलेली असते, हवेत लोंबकळत लोकर कातायला ती फार हलकी पडते. ग्रीक भांड्यांवरच्या चित्रांत टकळी हवेत लटकते आणि चकती काठीच्या खालच्या टोकाला असते. तशीच करायची. सुताराकडून 9 मिलिमीटर जाडीची गोल काठी आणून तिचे 30 सेंटिमीटरचे तुकडे करा. वरच्या टोकापासून एक सेंटिमीटर खाली चाकूने तिरपी खाच पाडा.

चकती मातीची. गणपतीच्या आधी शाडू कुठेही मिळतो. 4 सेंटिमीटर रुंद, सव्वा सेंटिमीटर जाड पेढा थापा आणि मधोमध भोक पाडा. भोक काठीपेक्षा थोडं मोठं, 10-11 मिलिमीटरचं ठेवा, कारण शाडू वाळताना आकसतो. काठी आत ठेवूनच वाळवली तर चकती हमखास तडकते. सावलीत चार-पाच दिवस, पावसाळ्यात आठवडा लागेल. मग फेव्हिकॉल पाण्यात कालवून दोन हात मारा. वाळलेली चकती 25 ग्रॅमच्या आसपास भरते आणि काठीसकट टकळी 35 ते 40 ग्रॅमची होते. शिकणाऱ्याला हेच वजन बरं. हलकी टकळी लवकर थांबते आणि उलटी फिरते, 60 ग्रॅमची कच्चा धागा तोडते. भोक सैल राहिलं तर काठीला कागदी चिकटपट्टीचे दोन वेढे द्या. भोक मधोमध नसेल तर टकळी फिरताना लटपटते आणि पीळ निम्म्यात संपतो. अशी चकती टाकून दुसरी करा, घासूनपुसून ती सुधारत नाही.

आयत्या वेळी चकतीऐवजी काठीत लहान बटाटा खोचला तरी चालतो. काम तेच होतं, दुसऱ्या दिवशी वास मात्र येतो.

लोकर पिंजून विंचरलेली, लांब पेळूच्या (न कातलेल्या तंतूंच्या सैल वळीच्या) रूपात घ्या. तंतू 7 ते 10 सेंटिमीटर लांबीचे हवेत. ऑनलाइन मेरिनो जातीच्या मेंढीच्या लोकरीचे पेळू मिळतात. घोंगडीची दख्खनी लोकर आपली, जवळची आणि स्वस्त. पण ती आखूड आणि भरड असते, पहिल्याच दिवशी दिली तर निम्मे लोक कंटाळून उठतात. तिचा पुंजका फक्त हाताळायला ठेवा. कापूस तर नकोच. त्याचा तंतू दोन-तीन सेंटिमीटरचा, तो लटकत्या टकळीचा भार पेलत नाही.

शिवाय स्वयंपाकघरातला डिजिटल काटा, लोकर गुंडाळून धरायला प्रत्येकी 25 सेंटिमीटरची एक वेगळी काठी, अर्धा मीटर विणकामाची लोकर आणि जमिनीवर सतरंजी. सतरंजी विसरू नका. सोसायटीच्या हॉलमधल्या गुळगुळीत फरशीवर मातीची चकती एकदाच पडते. काम सुरू झालं की पंखे बंद, नाहीतर पेळूचे तंतू हॉलभर उडतात.

आधी वजन, मग कताई

सुरुवात काट्यापासून करा. प्रत्येकाला 6 ग्रॅम लोकर सगळ्यांसमोर तोलून द्या. पावसाळ्यात सगळ्यांची लोकर एकाच वेळी तोलावी. लोकर हवेतला ओलावा पिते, हाताला ओली न लागता स्वतःच्या वजनाच्या जवळजवळ तिसरा हिस्सा पाणी धरू शकते. काल तोललेली पुडी आणि आज तोललेली पुडी म्हणून सारखी भरत नाही.

हे तोलणं ग्रीक घरात खरोखर चालायचं. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात अमासिस चित्रकार या नावाने ओळखल्या जाणाऱ्या प्राचीन ग्रीक कलाकाराने रंगवलेलं तेलाचं एक छोटं भांडं आहे, इ.स.पू. 550 ते 530 मधलं, उंची जेमतेम 17 सेंटिमीटर. त्यावर बायका लोकर तोलताहेत, कातताहेत, उभ्या मागावर विणताहेत. ट्रॉयच्या युद्धावरच्या ‘इलियड’ या महाकाव्याच्या बाराव्या सर्गात लढाई अटीतटीची होते तेव्हा होमरला उपमा सुचते ती पोटासाठी काटा धरून लोकर तोलणाऱ्या बाईची. बाविसाव्या सर्गात देवांचा राजा झ्यूस सोन्याचा तराजू उचलतो, ग्रीकांचा वीर अकिलीस आणि ट्रॉयचा वीर हेक्टर यांचं मरण दोन पारड्यांत घालतो आणि हेक्टरचं पारडं खाली जातं. लॅखेसिस या नावात ‘वाट्याला येणं’ आहे. ती मोजपट्टी घेऊन उभी असते असं शिकवण्याआधी वाट्याला आलेली लोकर तळहातावर घ्यायला लावा.

आता 25 सेंटिमीटरच्या काठीला लोकर सैलसर गुंडाळा. ही काठी डाव्या हातात किंवा डाव्या काखेत.

धागा काढणं

विणकामाच्या लोकरीचा अर्धा मीटरचा तयार धागा चकतीच्या लगेच वर टकळीच्या काठीला घट्ट बांधा. तिथून तो चकतीच्या कडेवरून खाली न्या, खालच्या टोकाला एक वेढा द्या, परत वर आणा आणि वरच्या खाचेत अर्ध्या गाठीने अडकवा. खालचा वेढा राहिला तर टकळी तिरपी लटकते.

लोकरीच्या काठीवरून थोडे तंतू ओढून धाग्याच्या टोकावर 8 ते 10 सेंटिमीटर आडवे-उभे न करता सरळ टेकवा आणि चिमटीत धरा. दुसऱ्या हाताने टकळीचं वरचं टोक घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने फिरवा. शेवटपर्यंत याच दिशेने. मध्येच कोणी उलटं फिरवलं तर आधीचा सगळा पीळ सुटतो.

पहिली वीस मिनिटं टकळी लटकवूच नका. फिरवा, पीळ साठू द्या, मग टकळी गुडघ्यांत पकडा. आता दोन्ही हात मोकळे. खालच्या हाताने पीळ अडवून धरा, वरच्या हाताने तंतू ओढून पेन्सिलीच्या शिशाइतके बारीक करा, मग खालची चिमटी सोडा. पीळ सरसर वर धावतो आणि भुसभुशीत तंतूंचा डोळ्यांदेखत दोरा होतो. या क्षणी सगळे आपोआप गप्प होतात. वाचायचा मजकूर इथेच वाचा: ‘इलियड’च्या चोविसाव्या सर्गात हेकुबा म्हणते, मी हेक्टरला जन्म दिला तेव्हाच मोइराने हे असं कातून ठेवलं होतं. इथे मोइरा एकच आहे, तिघी नाहीत. विसाव्या सर्गात अकिलीसच्या बाबतीतही असंच, फक्त कातणारीचं नाव ऐसा. दोन्हीकडे सूत निघतं ते जन्माच्या वेळी.

इथे कोणीतरी सटवाई काढणारच, आणि काढावीच. आपल्याकडे पाचवी पुजताना कोरा कागद आणि लेखणी ठेवतात, सटवाई येऊन ललाटी लिहून जाते. नव्या ग्रीसच्या लोकरूढीत मोइरा जन्मानंतर तिसऱ्या रात्री येतात. ग्रीक पुराणातल्या मेलेआग्रोस या वीराच्या कथेत त्या सातव्या दिवशी येतात आणि त्याचा जीव चुलीतल्या एका लाकडाशी बांधतात. वेळ, घर, बाळ, येणारी बाई, सगळं जुळतं. आपल्याकडे ती लिहिते, तिकडे ती कातते.

दोन्ही हातांमधलं अंतर तंतूच्या लांबीपेक्षा थोडं जास्त ठेवा, म्हणजे 10 ते 12 सेंटिमीटर. त्याहून कमी ठेवलं तर एकाच तंतूची दोन्ही टोकं तुमच्याच मुठींत अडकतात, कितीही जोर लावा, लोकर हलत नाही. ‘लोकर खराब आहे’ अशी तक्रार आली की आधी हात बघा.

जमलं की उभं राहून टकळी लटकवा. जमिनीला टेकायला आली की गाठ सोडा, धागा चकतीच्या वर शंकूसारखा गुंडाळा, वर 30 सेंटिमीटर राखून पुन्हा अडकवा.

काय बिघडतं

धागा तुटून टकळी खाली पडते. कारण बहुधा एकच: ती थांबून उलटी फिरू लागली आणि ते लक्षात आलं नाही. उलट्या फेऱ्यांत पीळ निघून जातो, तंतू एकमेकांवरून सरकतात. नजर वरच्या हातावर खिळवू नका, चकतीवरही असू द्या. तुटलेलं टोक दहा सेंटिमीटर उकलून पिंजारा आणि नव्या तंतूंवर टेकवून जोडा. गाठ मारू नका.

धागा सैल सोडल्यावर त्याची शेपटासारखी गुंडाळी होत असेल तर पीळ जास्त झालाय. न फिरवता आणखी तंतू ओढा, तो पसरतो.

गुठळी आली तर तिच्या दोन्ही बाजूंना धरून थोडा पीळ उलगडा आणि ओढा. रोमन कवी कॅटुलसने पेलेउस आणि थेटिसच्या लग्नात कातणाऱ्या तिघींचं वर्णन केलंय, ते कृती म्हणूनही वाचता येतं: डाव्या हातात लोकरीची काठी, उजव्या हाताची बोटं वर करून तंतू ओढणं, अंगठा खाली करून टकळीला पीळ देणं, गुठळ्या दातांनी तोडणं, सुकलेल्या ओठांना चिकटलेले लोकरीचे कण, पायाशी टोपल्या. कातणारं माणूस रोज बघितल्याशिवाय ओठांवरचे कण सुचत नाहीत. मुलांना मात्र नखंच वापरायला सांगा. आणि हेही दाखवा की इथे तिघी एकच काम करताहेत. म्हणून आमचं मत: तीन मुलींना कातणारी, मोजणारी, कापणारी अशा भूमिका वाटून नाटुकलं बसवू नका. सगळ्यांना सगळं करू द्या.

मोजणं आणि न उलटणं

सहा ग्रॅम संपले की प्रत्येकाचा धागा खुर्चीच्या पाठीवर गुंडाळून मोजा. जाड कातणाऱ्याचा 6 मीटर भरेल, बरा हात असेल तर 12, एखादीचा 20 च्या वर. वाटा सारखाच, लांबी वेगळी. यावरून ग्रीकांच्या डोक्यात काय होतं ते सिद्ध होत नाही, तसं सांगूही नका. पण वाद रंगतो.

अॅट्रोपोससाठी कात्रीआधी हा प्रयोग करा. ताज्या धाग्याचा मीटरभर तुकडा उलटा उकला. तो सुटतो आणि हातात विस्कटलेले तंतू उरतात. दुसरा तुकडा आदल्या दिवशी कोमट पाण्यात वीस मिनिटं भिजवून, खाली चमचा टांगून वाळवलेला असावा (जुलैत दोन दिवस आधी). तो उकलला तरी तंतू नागमोडी राहतात, पहिल्यासारखा पेळू होत नाही. अॅट्रोपोस म्हणजे जिला मागे फिरवता येत नाही ती. प्लेटोच्या ‘रिपब्लिक’च्या शेवटी जन्माला निघालेला आत्मा आधी लॅखेसिसकडे, मग क्लोथोच्या फिरत्या टकळीखालून आणि शेवटी अॅट्रोपोसकडे जातो, आणि ती कातलेलं पक्कं करते. तिच्या हातात तिथे कापायचं काहीच नाही. कात्रीचं चित्र युरोपात पुढच्या काळात घट्ट झालं. स्पॅनिश चित्रकार गोयाच्या 1820 च्या सुमाराच्या चित्रात ती आहे, माद्रिदच्या प्रादो संग्रहालयामध्ये.

कापून दाखवायचंच असेल तर शिंप्याची कात्री नको. प्राचीन ग्रीक कातर एकाच लोखंडी पट्टीला वाकवून केलेली असायची, धनगर मेंढ्या भादरायला वापरतात त्या जातीची.

शेवटी प्रश्न येतोच: देवांना हे बदलता येतं का? दोन कथा तयार ठेवा. सार्पेडोन झ्यूसचा मुलगा, त्याला वाचवावं असं झ्यूसच्या मनात येतं, त्याची बायको हेरा फटकारते आणि झ्यूस रक्ताचा पाऊस पाडून गप्प बसतो. दुसरीकडे अपोलो देव मोइरांना दारू पाजून आद्मेतोस राजाची मरणातून सुटका मिळवतो, अट एकच: बदली कोणीतरी मरायला हवं. त्याची बायको आल्केस्टिस तयार होते. वटपौर्णिमा जवळ असेल तर सावित्रीची तुलना निघेल. निघू द्या, फक्त एक फरक दाखवा: सावित्री यमाशी बोलून नवऱ्याला परत आणते, आल्केस्टिस त्याच्या जागी जाते आणि तिला परत आणायला हेराक्लेसला मृत्यूशी झुंजावं लागतं. आरिआद्नेचा धागाही कोणीतरी काढेल. तो चक्रव्यूहातून वाट सापडण्यासाठीचा, आयुष्याशी त्याचा संबंध नाही. त्यात अडकलात तर अडीच तासांचे साडेतीन होतील.

उरलेली लोकर प्लास्टिकच्या पिशवीत बांधू नका, खाडीकडच्या दमट हवेत तिला कुबट वास लागतो. सुती पिशवीत, दोन डांबरगोळ्या घालून, कपाटाच्या वरच्या खणात ठेवा. टकळ्या उभ्या ठेवा. आडव्या राहिल्या तर काठी वाकते आणि पुढच्या वेळी तीही लटपटू लागते.