मलाझान वाचायला घेताय? मग पहिली दोनशे पानं अशी काढा

स्टीव्हन एरिक्सनची 'मलाझान बुक ऑफ द फॉलन' ही दहा जाडजूड पुस्तकांची सिरीज, पहिलं 'गार्डन्स ऑफ द मून' १९९९ मधे आलं आणि दहावं 'द क्रिपल्ड गॉड' २०११ मधे. एपिक फँटसी वाचणाऱ्यांमधे हिच्याबद्दल एक गोष्ट हमखास ऐकू येते, की पहिल्याच पुस्तकात लोक गळतात. दीडशे पानं होतात, पंचवीस-तीस नावं होऊन जातात, कोण कुणाच्या बाजूनं आहे पत्ता नाही, जादू कशी चालते कुणी सांगत नाही, आणि मग पुस्तक जे उशाशी पडतं ते तिथंच. माझ्या मते ही सिरीज अवघड नाहीये, फक्त ती वाचायची पद्धत वेगळी आहे, आणि ती आधी कुणी सांगितली तर निम्मा त्रास वाचतो.

पहिली गोष्ट, लेखक कोण आहे ते डोक्यात ठेवा. एरिक्सन हा शिक्षणानं मानववंशशास्त्रज्ञ आणि पुरातत्त्वज्ञ. हे जग त्यानं आणि त्याचा मित्र इयन एसलमाँट यानं १९८२ च्या सुमारास रोलप्लेइंग गेम (प्रत्येकानं एकेक पात्र होऊन खेळायचा खेळ) खेळण्यासाठी उभं करायला घेतलं, म्हणजे पहिलं पुस्तक छापून यायच्या कितीतरी आधीपासून या जगात माणसं जगत होती, राज्यं पडत होती, युद्धं होत होती. त्यामुळे तुम्ही पान उघडता तेव्हा गोष्ट सुरू होत नाही, ती कधीचीच सुरू झालेली असते आणि तुम्ही मधेच येऊन उभे राहता. उत्खननात जसं वरच्या थरात आधी एखादी खापरी मिळते आणि ते भांडं कुठल्या घरातलं हे खूप खाली गेल्यावर कळतं, तसंच इथे आहे. लेखक तुमच्या हातात खापरी देतो आणि पुढे चालायला लागतो. तुम्ही ती फेकून द्यायची नाही, एवढंच.

आता हे नुसतं बोलून उपयोग नाही, एक उदाहरण देतो (पहिल्याच पुस्तकातलं आहे, मोठा स्पॉयलर नाही). प्रोलॉगमधे गानोस पॅरान नावाचा एक लहान मुलगा तटावर उभा आहे, खाली शहरातल्या माउस नावाच्या गरीब वस्तीतून धूर येतोय, कुणीतरी तिथं जादूगारांची कत्तल लावलीय. मुलगा एका सैनिक कमांडरशी दोन शब्द बोलतो, एक बाई येते जिचं नाव काल सर्ली होतं आणि आता ती स्वतःला लासीन म्हणवते, प्रोलॉग संपला. पुढे सरळ काही वर्षं उडी. तुम्ही तो धूर विसरून जाता, कारण दुसरंच काहीतरी सुरू झालेलं असतं. आणि मग मलाझान साम्राज्याच्या सैन्यापुढे पेल शहर पडल्यावर तिथं एका जेवणाच्या टेबलावर लॉर्न, म्हणजे आता सम्राज्ञी झालेल्या त्याच लासीनची अ‍ॅडजंक्ट (खास प्रतिनिधी), आणि टॅटरसेल ही सैन्यातली जादूगार बाई समोरासमोर बसतात, आणि बोलता बोलता कळतं की त्या वेळी टॅटरसेल माउसमधे पाठवलेल्या जादूगारांपैकी एक होती आणि लॉर्नचं घर तिथं होतं. प्रोलॉगमधे जो नुसता लांबून दिसणारा धूर होता तो अचानक दोन बायकांच्या मधे येऊन बसतो. कुणी आपल्याला शिकवायला बसलेलं नाही, फ्लॅशबॅकचं वेगळं प्रकरण नाही, नुसतं जेवण चाललंय. ही या सिरीजची लिहायची पद्धत, आणि हे एकदा टिपलंत की पुढची सगळी पुस्तकं याच नजरेनं वाचता येतात.

म्हणून करायचं काय, तर एक छोटी वही किंवा फोनमधली नोट ठेवा आणि त्यात फक्त न कळलेल्या गोष्टी लिहा. कळलेल्या नकोत, त्या लक्षात राहतातच. 'ओटॅटरल म्हणजे काय? लॉर्नची तलवार त्याची आहे, जादूगार तिच्याजवळ अस्वस्थ होतात' इतकं पुरे. त्यावरून तुम्हीच ओळखाल की हा जादू मारणारा धातू असणार, आणि मग दुसऱ्या पुस्तकात, 'डेडहाउस गेट्स'मधे, तोच ओटॅटरल खाणीतून खणून काढणारे कैदी दिसतात आणि त्या तलवारीची किंमत कोण भरतंय ते समजतं.

विकीवर शोधू नका. हे मी कळकळीनं सांगतोय. नुसतं नाव टाईप केलं तरी सर्चच्या सजेशनमधेच कोण मरतं ते येतं, आणि दुसरं म्हणजे विकी तुम्हाला तयार उत्तर देतं, जे या पुस्तकांत शेवटी मिळण्यातच सगळी मजा आहे. पुस्तकात पुढे पात्रांची यादी आणि नकाशे आहेत, मागे शब्दांची सूची आहे, तेवढा आधार बास होतो. पात्रांच्या यादीला एक बुकमार्क कायमचा लावून ठेवा.

जादूबद्दल जितकं माहीत असलं की अडत नाही तितकं सांगतो. इथल्या जादूला वॉरेन म्हणतात. वॉरेन म्हणजे शक्तीचा स्रोत पण आणि एक जागा पण, म्हणजे जादूगार त्यातून शक्ती ओढतो आणि वेळ पडली तर त्यातून चालत दुसरीकडे निघू पण शकतो. डेनुल बरं करण्याचं, मीआनास सावली आणि भासाचं, रूस समुद्राचं, असे प्रकार. त्यापेक्षा जुने काही आहेत जे विशिष्ट वंशांचे आहेत, जसं टिस्टे आंडी लोकांचं कुराल्ड गालेन, अंधाराचं. बस. नियमांची कोष्टकं शोधत बसू नका, ती मिळणार नाहीत, आणि मला हे आवडतं, कारण जादू वापरणाऱ्या सैनिकाला पण ती पूर्ण कुठे कळलेली असते.

नावांची भीती घालवायला आपल्याला खरंतर फार कष्ट नकोत. पार्थ, धनंजय, सव्यसाची एकच माणूस आहे हे आपण लहानपणापासून न अडखळता ऐकत आलोय. इथे पण एका माणसाला दोन-तीन नावं असतात, आणि सैनिकांची तर सगळी टोपणनावंच, विस्कीजॅक, फिडलर, हेज, मॅलेट. आणि धरून राहायचं असेल तर या सैनिकांनाच धरा. देव, अमर योद्धे, आकाशात तरंगणारा किल्ला हे सगळं भारी आहे, पण सिरीजचा जीव ब्रिजबर्नर्स नावाच्या त्या थकलेल्या तुकडीत आहे. देवांचं राजकारण कळलं नाही तरी चालेल, पण दोन सैनिक रात्री बसून काय बोलतायत ते मात्र सावकाश वाचा.

प्रत्येक प्रकरणाच्या सुरुवातीला त्या जगातल्या कुठल्यातरी कवीची कविता किंवा इतिहासकाराचा उतारा असतो, तो बरेच जण सोडून देतात. सोडू नका. आणि त्यावर डोळे झाकून विश्वास पण ठेवू नका! या जगात इतिहास लिहिणारा प्रत्येक जण कुठल्यातरी बाजूचा आहे. टलान इमास नावाची एक जमात आहे, त्यांनी जाघुट नावाच्या दुसऱ्या वंशाशी लढता यावं म्हणून जवळजवळ तीन लाख वर्षांपूर्वी एक विधी करून अख्ख्या जमातीला मृत्यूपलीकडे नेलं, म्हणजे ते आता चालती हाडं आहेत. पहिल्या पुस्तकात तुमचा समज होतो की जाघुट म्हणजे राक्षसच असणार. मग तिसऱ्याचा, 'मेमरीज ऑफ आइस'चा प्रोलॉग उघडतो आणि एक जाघुट आई दोन पोरांना घेऊन जीव वाचवायला पळतेय आणि मागे इमास लागलेत. तिथं मी पुस्तक मिटून थोडा वेळ नुसता बसलो होतो. फँटसीत चांगले लोक आणि वाईट वंश अशी जी सोपी वाटणी असते ती इथं अशी हळूहळू तुमच्या हातून काढून घेतली जाते, आणि माझ्यासाठी ही या सिरीजची सगळ्यात मोठी गोष्ट आहे, लढायांपेक्षाही मोठी.

दुसरं पुस्तक सुरू केलं की परत धक्का बसतो, खंडच वेगळा, ओळखीची माणसं मोजकी. इथे पण बरेच जण थांबतात. प्लीज थांबू नका, कारण याच पुस्तकात चेन ऑफ डॉग्ज आहे. सेव्हन सिटीज नावाच्या या खंडावर बंड झालंय आणि कोल्टेन नावाचा सेनापती सातव्या सैन्याला घेऊन हजारो निर्वासितांना वाळवंटातून पार एरेन शहराकडे नेतोय, पाठलाग चालूच, पाणी नाही, आणि हे सगळं आपण डुइकर या म्हाताऱ्या शाही इतिहासकाराच्या डोळ्यांनी बघतो. पुढचं सांगणार नाही. शेवटची शंभर पानं मात्र रिकाम्या दिवशी वाचा, लोकलमधे उभ्यानं नको.

एक इशारा पण द्यायला हवा. हिंसा खूप आहे, बलात्कार आहेत, दुसऱ्यातला फेलिसिनचा भाग आणि चौथ्या, 'हाउस ऑफ चेन्स'च्या सुरुवातीला बराच वेळ चालणारा कार्साचा भाग खरोखर त्रास देतो. लेखक त्याचा तमाशा करत नाही, पण नजर पण वळवत नाही. ज्यांना नको वाटेल त्यांनी आधीच ठरवावं.

क्रम छापलेलाच ठेवा. दुसरं आणि तिसरं साधारण एकाच काळात दोन खंडांवर घडतं, चौथं दुसऱ्याचं पुढचं. पाचवं 'मिडनाइट टाइड्स' तर मागच्या काळात जातं, लेथर नावाच्या अशा देशात जिथं कर्ज हीच माणसाची ओळख आहे. चौथ्याच्या प्रोलॉगमधे साखळ्यांनी बांधून टाकलेला जो ट्रल सेंगर दिसतो त्याची मागची गोष्ट इथं मिळते. आणि गच्चीवर राहणारा टेहोल आणि त्याचा नोकर बग यांचे संवाद इतके खुसखुशीत आहेत की आधीच्या चार पुस्तकांचं ओझं उतरतं. आठवं 'टोल द हाउंड्स' संथ आहे, सांगणारा पहिल्या पुस्तकात भेटलेला क्रुप आहे आणि तो बोलतो पण त्याच्या त्या लांबलचक लाडीगोडीच्या स्टाईलमधे, तिथं घाई केलीत तर वैताग येईल, म्हणून दिवसाला एक प्रकरण ठेवा.

एसलमाँटची याच जगातली पुस्तकं वेगळी आहेत, त्यातलं 'नाइट ऑफ नाइव्ह्ज' छोटं आहे, पाचव्यानंतर मधे घेतलं तर चालतं, बाकीची मात्र एरिक्सनची दहाही वाचून झाल्यावर घ्या. आणि नववं 'डस्ट ऑफ ड्रीम्स' सुरू करण्याआधी दहावं घरात आणून ठेवा, कारण ती दोन मिळून एकच कादंबरी आहे आणि नववं जिथं तुटतं तिथं कुरिअरची वाट बघत बसवत नाही.