अंतरिम पोटगी मागताय? या चुका टाळा

भांडण होऊन माहेरी आलेल्या लेकीला गावात पहिला सल्ला मिळतो तो थांबण्याचा. ‘कापूस निघू दे, मग पाहू.’ अंतरिम पोटगी, म्हणजे अंतिम निकाल लागेपर्यंत मिळणारी पोटगी, हवी असेल तर हे थांबणं महागात पडतं. रजनेश विरुद्ध नेहा या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितलं, की पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी. अर्जच नाही, तर मधले महिने बुडाले.

दुसरा सल्ला याहून घातक. बैठक बसते, स्टॅम्प पेपर येतो आणि त्यावर लिहिलं जातं : ‘आम्ही दोघे आपखुशीने वेगळे राहत आहोत, खावटीबाबत तक्रार नाही.’ पोटगीचा हक्क सोडल्याचं असं लिहून घेतलं तरी न्यायालय सहसा ते मानत नाही. खरा धोका पहिल्या अर्ध्या वाक्यात आहे. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ मध्ये (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं १२५) परस्परसंमतीने वेगळं राहणाऱ्या पत्नीला पोटगी मिळत नाही. तुम्हाला मारून हाकललं असेल आणि कागदावर ‘आपखुशीने’ असेल, तर समोरचा वकील पहिल्याच पेशीला तो कागद पुढे करतो. सही करण्याआधी वाचून घ्या. वाचता येत नसेल, तर सहीच करू नका.

‘जमीन बापाच्या नावावर आहे’

नवऱ्याचं हे उत्तर जवळपास ठरलेलं, आणि बायका इथेच हात टेकतात. वरच्याच रजनेश निकालाने दोघांनाही मालमत्ता, उत्पन्न आणि देण्यांचं प्रतिज्ञापत्र देणं बंधनकारक केलं. शेतीवर जगणाऱ्यांसाठी त्याचा वेगळा नमुनाच आहे. त्यात मालकीची जमीन किंवा तिच्यातला हिस्सा, कोरडवाहू की ओलीत, पिकं कोणती, गेल्या तीन वर्षांचं उत्पन्न, बटईने घेतलेली जमीन, गाई-म्हशी-शेळ्या, जमिनीवरचं कर्ज, सगळं विचारलेलं आहे. वडिलोपार्जित शेतात मुलाचा जन्मापासून हिस्सा असतो, सातबाऱ्यावर नाव चढलेलं असो वा नसो.

पण नवरा खरं लिहील या भरवशावर राहू नका. सासरचा गट नंबर माहीत असेल, तर सातबारा ऑनलाइन पाहता येतो, त्यात पिकांची नोंदही असते. बाजार समितीची काटापट्टी, कापूस विकल्याची पावती, दूध डेअरीचं कार्ड, ट्रॅक्टर भाड्याने जात असेल तर त्याचा फोटो, जे हाताशी आहे ते लावा. आणि तुमच्या प्रतिज्ञापत्रातही निंदण-वेचणीची मजुरी लपवू नका. थोडी कमाई आहे म्हणून पोटगी नाकारली जात नाही, पण खोटं उघडं पडलं की बाकीच्या खऱ्यावरही कोणी विश्वास ठेवत नाही.

घटस्फोटाचा दावा लावल्याशिवाय काही मिळत नाही, हाही गैरसमजच. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २४ ला दावा चालू असावा लागतो. तिथे खटल्याचा खर्चही मागता येतो (आणि नवराही मागू शकतो, हे पुष्कळांना माहीत नसतं). दावा नसेल, तर कलम १४४ किंवा कौटुंबिक हिंसाचार कायदा आहे. दोन ठिकाणी अर्ज चालतात, मात्र आधीचा अर्ज आणि आदेश लपवायचा नाही. एका आदेशातली रक्कम दुसऱ्यात वळती होते.

वकिलाला पैसे नाहीत म्हणून मंगळसूत्र गहाण टाकू नका. तालुका विधी सेवा समितीकडून स्त्रियांना मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही.

नवरेमंडळींचीही एक ठरलेली चूक : सासऱ्याच्या हातात रोख देणं आणि नंतर ‘दिले होते’ म्हणणं. बायकोच्या बँक खात्यातच भरा.

आदेश मिळाला की बाई निश्चिंत होते, पैसे येत नाहीत तरी ‘देईल पुढच्या हंगामात’ म्हणते. कलम १४४ च्या थकबाकीसाठी वॉरंट हवं असेल, तर ती रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज करावा लागतो. दोन-तीन महिने थकले की लगेच अर्ज टाका.