टोकन देण्याआधी मांडायचा गृहकर्जाचा हिशोब

सॅम्पल फ्लॅट बघून होतो, साइट ऑफिसात चहा येतो, समोरचा माणूस मोबाइलवर हप्ता काढून दाखवतो आणि 'आज टोकन दिलंत तर हाच भाव' म्हणतो. त्या टेबलावर नवरा-बायको एकमेकांकडे बघून एवढंच ठरवतात, की हप्ता झेपेल का. गृहकर्जाचा खरा खर्च मात्र हप्त्याच्या आकड्यावरून कळत नाही. तो मुदतीत असतो, दराच्या चढउतारात असतो आणि हप्त्याच्या बाहेर जाणाऱ्या पैशांत असतो. तो मोजायचं काम साइटवर जाण्याआधी, घरीच, दोन-तीन निवांत रविवारी उरकून घ्यावं. ज्यांच्या पगारातून हप्ता जाणार ते सगळे त्या वेळी हजर हवेत. अर्ज दोघांच्या नावाने आणि हिशोब एकाच्याच डोक्यात, असं मी फार घरांत पाहिलंय.

हिशोबासाठी एक घर समोर ठेवू. पिंपरी-चिंचवडमध्ये बांधकाम चालू असलेल्या इमारतीतला टू बीएचके, करारातली किंमत ६५ लाख. कर्ज ५० लाख, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. तुमचे आकडे वेगळे असतील, पण वहीत याच क्रमाने मांडा.

आधी स्वतःच्या खिशातून किती जाणार ते लिहा. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला ८० टक्क्यांपर्यंत आणि त्यापुढे ७५ टक्क्यांपर्यंतच कर्ज मिळतं. या किमतीत मुद्रांक शुल्क आणि नोंदणी धरत नाहीत. १० लाखांच्या आतल्या घरांना तेवढा अपवाद आहे, पण तसं घर आता शोधून सापडायचं नाही. म्हणजे वरचे खर्च पूर्णपणे तुमचे. पिंपरी-चिंचवडला मेट्रो अधिभार वगैरे धरून ७ टक्के मुद्रांक शुल्क, म्हणजे ४.५५ लाख. नोंदणी फी १ टक्का, पण कमाल ३०,००० रुपये. बांधकाम चालू असलेल्या घरावर ५ टक्के जीएसटी, ३.२५ लाख. पूर्णत्वाचा दाखला मिळालेलं घर घेतलं तर जीएसटी लागत नाही, त्यामुळे 'तयार घर महाग पडतं' हे वाक्य ऐकलं की दोन्ही बाजूंच्या बेरजा एकदा शेजारी-शेजारी लिहून बघा. १५ लाख स्वतःचा वाटा आणि हे ८.१० लाख, मिळून २३.१० लाख झाले. अजून प्रोसेसिंग फी आणि तिच्यावरचा जीएसटी, वकिलाचा सर्च रिपोर्ट (मालकीच्या कागदांची तपासणी), गहाणाच्या नोटिशीचा खर्च, बिल्डरने ताब्याच्या वेळी आगाऊ मागितलेला मेंटेनन्स, ग्रिल, पंखे, किचन ट्रॉली हे सगळं बाकीच आहे. ही रक्कम कमी पडली की लोक शेवटच्या महिन्यात पर्सनल लोन काढतात, आणि घराच्या खर्चातला सगळ्यात महाग पैसा तोच असतो.

इथेच एक निर्णय आधी घ्यावा लागतो. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत मिळते, आपल्या उदाहरणात ६५,००० रुपये. पण नवऱ्याला गृहकर्जावरची कर-वजावट हवी असेल तर तो सहमालक असावा लागतो, आणि त्याचं नाव करारात आलं की ही सवलत जाते. कोणतं पारडं जड आहे ते तुम्ही कोणत्या करप्रणालीत आहात त्यावर ठरतं. जुन्या प्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट आहे, आणि मुद्दल वजावटीच्या दीड लाखाच्या सर्वसामान्य मर्यादेत बसतं, जी पीएफ आणि विम्यानेच बहुधा भरलेली असते. नव्या प्रणालीत राहत्या घराच्या व्याजाला काहीच नाही. 'टॅक्स वाचतो म्हणून कर्ज' हा जुना सल्ला देणाऱ्या काकांना आधी तुमची प्रणाली सांगा.

किंमत ५० लाखांच्या वर असल्याने विकणाऱ्याला पैसे देताना १ टक्का टीडीएस तुम्ही कापून सरकारजमा करायचा असतो. हा जादा खर्च नाही, बिल्डरच्याच पैशातून जातो, पण विसरलात तर व्याज आणि उशिराची फी तुमच्या माथी.

आता कर्ज. ५० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं, म्हणजे हप्ता ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ व्याजात जातात आणि मुद्दल ७,९७४ ने कमी होतं. पहिल्या वर्षभरात ५ लाख २० हजार भरून कर्ज जेमतेम १ लाखाने उतरतं. पाच वर्षांनी २६ लाख भरलेले असतात आणि बाकी ४४ लाख दिसते. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, ३५ लाख बाकी असतात. अर्धं मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षं जातात. यात बँकेची लबाडी काही नाही, शिल्लक रकमेवर व्याज आकारलं की गणित असंच चालतं. पण पाचव्या-सहाव्या वर्षी घर विकावं लागेल अशी नोकरी असेल, तर हे आकडे टोकनच्या आधी माहीत हवेत. एक्सेलमध्ये महिन्यागणिक तक्ता उतरवायला अर्धा तास लागतो. तो स्वतः उतरवा, छापलेला बघून तेवढा डोक्यात राहत नाही.

त्याच तक्त्यात मुदत बदलून बघा. ३० वर्षं केली की हप्ता ३८,४४६ वर येतो, महिना पाच हजारांची सोय होते आणि एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जातं. १५ वर्षं केली तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८.६ लाख. माझं मत विचाराल तर पहिल्यांदा घर घेणाऱ्यांनी २० वर्षांची मुदत घ्यावी आणि १५ वर्षांच्या हप्त्याइतके पैसे बाजूला पडतात का ते सहा महिने आधीच करून बघावं. भाडं भरत असतानाच भाडं आणि तो हप्ता यांतला फरक दर महिन्याला आरडीत टाका. तिसऱ्या महिन्याला आरडी मोडावी लागली तर घराचं बजेट काय असावं ते कळतं.

दर मात्र तक्त्यात लिहिला तसा राहत नाही. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या दराशी, बहुतेक रेपोशी (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने उसने पैसे देते त्याच्याशी), बांधलेली असतात आणि किमान तीन महिन्यांतून एकदा बदलतात. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हे बंधन नाही, त्या स्वतः ठरवलेल्या दराशी कर्ज बांधतात. तेव्हा रेपो उतरल्यावर तुमचा दर किती दिवसांत उतरेल, हे सही करण्याआधी विचारा. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला, आणि २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून तीन वेळा मिळून १ टक्क्याने खाली आणला. चढताना काय होतं ते आकड्यांत बघा. ६.७ टक्क्यांनी ५० लाख २० वर्षांसाठी घेतले तर हप्ता ३७,८७० येतो. वर्षभराने दर एकदम ९.२ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर महिन्याचं व्याजच ३७,३९० होतं. मुद्दलाला उरतात पाचशेहून कमी रुपये, आणि कर्ज फिटायला साधारण सत्तेचाळीस वर्षं लागतील असं उत्तर येतं. त्या दोन वर्षांत अनेकांना बँकेच्या ॲपमध्ये शिल्लक हप्ते वाढलेले दिसले ते असेच, हप्ता न बदलता मुदत लांबल्यामुळे.

ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने यावर नियम घातला. दर बदलताना कर्जदाराला कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, दोन्ही थोडंथोडं करायचं की काही रक्कम आधी भरायची हे त्याला निवडू द्यायचं. तुम्ही काही कळवलं नाही तर मात्र तुमच्यासाठी मार्ग बँकच निवडते, तिच्या सोयीचा. म्हणून आजच वहीत लिहून ठेवा: दर २ टक्क्यांनी वाढला तर हप्ता ४३,३९१ चा साधारण पन्नास हजार होईल, तो कुठून देणार? उत्तर सापडत नसेल तर कर्ज पाच-सात लाखांनी कमी करा किंवा घर लहान बघा.

बांधकाम चालू असलेल्या घराला अजून एक बाब असते, प्री-ईएमआय. बँक पैसे बांधकामाच्या टप्प्यांप्रमाणे सोडते आणि तोवर सोडलेल्या रकमेवर फक्त व्याज घेते. ३० लाख सुटले असतील तर महिना २१,२५०, आणि त्यातून मुद्दल एका रुपयानेही उतरत नाही. शिवाय राहत्या घराचं भाडं चालूच. ताबा एक वर्ष लांबला तर या एका ओळीतच अडीच लाख जातात. बांधकाम प्रकल्पांवर देखरेख करणाऱ्या महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची पूर्णत्वाची तारीख किती वेळा पुढे गेलीये ते बघा, आणि बिल्डर तोंडी सांगतो ती तारीख विसरून महारेरावरच्या तारखेपुढे आणखी एक वर्ष धरून हिशोब करा. करार नोंदवण्याआधी किमतीच्या १० टक्क्यांहून जास्त रक्कम मागितली तर देऊ नका, कायदाच तसा आहे.

मंजुरीपत्र हातात आलं की सगळ्यात आधी की फॅक्ट स्टेटमेंट मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांना ते द्यावंच लागतं. त्यात एपीआर नावाचा आकडा असतो: व्याजदर, फी आणि बँकेमार्फत घेतला जाणारा विमा, कायदेशीर तपासणी असे इतर खर्च मिळून वर्षाला पडणारा खरा दर. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, या आकड्यावर करा. त्या कागदावर नसलेला आकार पुढे तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही, म्हणून तो कागद जपून ठेवा.

विम्याची ओळ त्यात सावकाश वाचा. 'कर्जासोबत विमा कंपल्सरी आहे' असं काउंटरवर सर्रास सांगतात. बँकेच्याच कंपनीचा घेण्याची सक्ती नसते. १ लाख २० हजारांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिसळला तर ८.५ टक्क्यांनी २० वर्षांत त्याचे अडीच लाख होतात, आणि असं संरक्षण बहुधा कर्जाबरोबर घटत जातं. वेगळा टर्म प्लॅन घेतलात तर कर्ज दुसऱ्या बँकेत हलवलं तरी तो तुमच्याबरोबर येतो. पण विमा घ्याच. घरात एकच कमावता असेल तर कर्जाआधी घ्या.

मुदतीआधी फेडण्याची तयारीही आत्ताच करायची, कारण पैसे कधी भरले त्यावर तिचं मोल ठरतं. व्यक्तीने घेतलेल्या फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घेता येत नाही. पहिल्या वर्षाअखेरीस ५ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला तर चार वर्षांचे हप्ते गळतात आणि सुमारे १६ लाख व्याज वाचतं. तेच ५ लाख दहा वर्षांनी भरले तर वाचतात पावणेसहा लाख. एकरकमी जमत नसेल तर दिवाळीच्या बोनसमधून दर वर्षी एक हप्ता जादा भरा. कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं, व्याज साधारण १० लाखांनी कमी होतं. प्रत्येक वेळी लेखी कळवा की हप्ता कमी न करता मुदत कमी करा. दरातल्या फरकावरही असंच लक्ष ठेवा. पाच वर्षांनी ४४ लाख बाकी असताना अर्धा टक्का दर कमी करून घेतला आणि हप्ता तोच ठेवला, तर दहा हप्ते, म्हणजे सव्वाचार लाखांच्या आसपास वाचतात. नव्या ग्राहकाला मिळणारा दर जुन्याला आपोआप मिळत नाही. आधी आपल्याच बँकेत अर्ज द्या, किरकोळ फीमध्ये काम होतं. दुसरीकडे कर्ज हलवायचं तर प्रोसेसिंग आणि गहाणाचा खर्च पुन्हा येतो, तो वजा करून बघा.

घर चालवायचे पैसे वेगळ्या पानावर. मेंटेनन्स महिना ३,५०० धरला तर काहीही न वाढता २० वर्षांत ८.४ लाख होतात, आणि तो वाढणारच. सोसायटीच्या उपविधींत बांधकाम खर्चाच्या वर्षाला ०.२५ टक्के सिंकिंग फंड (मोठ्या कामांसाठीची राखीव गंगाजळी) आणि ०.७५ टक्के दुरुस्ती निधी सांगितलाय, तो त्या बिलातच असतो. मालमत्ता कर, दहा-बारा वर्षांनी लिफ्ट आणि बाहेरचा रंग, हे धरा.

एवढं मांडल्यावर ५४ लाखांचं व्याज बघून घर नकोच असं वाटू शकतं, तर तेही बरोबर नाही. हप्ता रुपयांत साधारण स्थिर राहतो आणि रुपया उतरत जातो. महागाई ५ टक्के धरली तर विसाव्या वर्षीचे ४३,३९१ आजच्या साधारण १६,००० इतके असतील. त्याच काळात भाडं मात्र वाढत राहिलेलं असतं. म्हणून शेवटची तुलना करताना एका रकान्यात घराचे सगळे खर्च आणि दुसऱ्यात भाडं, दर वर्षीची भाडेवाढ, डिपॉझिट, घर बदलायचा टेम्पो आणि न गुंतलेल्या २३ लाखांवरचं व्याज असं लिहा. आज ज्या घराचं भाडं २०,००० आहे, तिथे पहिली अनेक वर्षं भाड्याचाच रकाना स्वस्त दिसेल. मुलांची शाळा, आई-वडिलांची सोय, मालकाची कटकट यांचं मोल त्यावर तुम्ही लावायचं, पण आकडे लिहून झाल्यावर.

कर्ज फिटल्यावरची कामंही आताच वहीच्या शेवटच्या पानावर टाका, वीस वर्षांनी कोण लक्षात ठेवतंय. कर्ज देताना बँकेने कोणते मूळ कागद घेतले त्याची सही-शिक्क्याची यादी पहिल्याच दिवशी घ्या आणि झेरॉक्स ठेवा. शेवटचा पैसा भरल्यापासून ३० दिवसांत बँकेने ते परत द्यायचे असतात. तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे. कर्ज नसल्याचं पत्र घ्या, दुय्यम निबंधकाकडची गहाणाची नोंद आणि सोसायटीच्या दप्तरातला बँकेचा बोजा काढून घ्या, आणि दीड-दोन महिन्यांनी सिबिलचा, म्हणजे तुमच्या कर्जांच्या नोंदींचा, अहवाल उघडून खातं बंद दिसतंय ना ते बघा.