हॅम-बटाट्याचं कॅसरोल पाणचट होऊ नये म्हणून

नाश्त्याचं हे कॅसरोल (भांड्यात सगळं रचून ओव्हनमध्ये भाजलेला पदार्थ) बिघडतं ते बहुतेक वेळा बटाट्याच्या पाण्यामुळे. अर्धा किलो बटाटे किसा, कीस फडक्यात बांधून घट्ट पिळा. वाटीभर गढूळ पाणी सहज निघतं. मग थोड्या लोण्यावर कडा तांबूस होईपर्यंत परता. हॅमचे तुकडेही त्याच तव्यावर दोन मिनिटं फिरवून घ्या, त्यांनाही पाणी सुटतंच.

सहा अंडी, एक कप दूध आणि दीड कप किसलेलं चेडार चीज. चीज शक्यतो घरीच किसा. तयार किसलेल्या चीजला स्टार्च लावलेला असतो, त्यामुळे ते नीट वितळत नाही. मीठ मात्र जपून! हॅम आणि चीज दोन्ही खारट असतात. मी तर वरून घालतच नाही, फक्त मिरपूड.

रात्रीच सगळं भांड्यात रचून, झाकून फ्रिजमध्ये ठेवलं तरी चालतं, फक्त परतलेलं आधी गार होऊ द्या. सकाळी ओव्हनमध्ये १८० अंश सेल्सिअसवर साधारण ४५ ते ५० मिनिटं भाजा. भांडं हलवल्यावर मधला भाग डचमळला नाही, की झालं. काढल्यावर दहा मिनिटं थांबा, नाहीतर वड्या पडायच्या ऐवजी लगदा वाढावा लागेल.