सहा चटयांची खोली

सेट डिझाइन शिकायला आलेली मुलं जपानी कला दिग्दर्शक योशिरो मुराकींचं नाव काढलं की अकिरा कुरोसावांच्या 'रान' (१९८५) या चित्रपटातल्या किल्ल्याचं बोलतात. फुजीच्या उतारावर उभा केला आणि खरोखर जाळला. ते काम थोरच आहे. त्यासाठी त्यांना आणि त्यांच्या पत्नी शिनोबू यांना ऑस्करचं नामांकन मिळालं होतं. पण तुम्ही सुरुवात सहा चटयांच्या खोलीपासून करा.

जपानी खोली तातामी चटयांत मोजतात, आपल्याकडे वाडा खणांत मोजायचे तशी. आधी टेप घेऊन विश्रामबागवाड्यात जा आणि दोन खांबांमधलं अंतर घ्या. खण एकदा अंगात भिनला की चटई समजावून सांगावी लागत नाही. तोक्योकडची चटई साधारण ८८ बाय १७६ सेंटिमीटर, क्योतोकडची ९५.५ बाय १९१. म्हणून गोष्ट कुठल्या गावात घडते ते आधी ठरवा. तोक्योच्या मापानं खोली होते २६४ बाय ३५२. एकास वीसच्या मॉडेलला ४.४ बाय ८.८ चे सहा पुठ्ठे कापा. मांडताना चार कोपरे एका बिंदूत येऊ देऊ नका, राहत्या घरात ते अशुभ मानतात.

आता दारं. मी पहिल्यांदा असा सेट एका एकांकिकेसाठी लावला तेव्हा शोजीच्या, म्हणजे लाकडी चौकटीवर कागद लावलेल्या सरकत्या दारांना ट्रेसिंग पेपर चिकटवला. मागून हॅलोजन पडला आणि दार पांढरंफटक, दवाखान्याच्या पार्टिशनसारखं दिसायला लागलं. नटी येऊन बसली तरी ती स्वतःच्या घरात आहे असं वाटेना. फार लागलं ते मनाला. पुढच्या प्रयोगाआधी शिवाजीनगरच्या हातकागद संस्थेतून पातळ कागद आणला, त्याला चहाच्या पाण्याचा एक हात दिला. मग चौकटीवर तळहाताएवढ्या जागेत आणखी दोन हात. ती जागा नीट निवडा: ही दारं बसून सरकवायची रीत आहे, त्यामुळे मळ कमरेच्या खाली साचतो.

हे कुरोसावांचा 'रेड बिअर्ड' (१९६५) बघताना शिकलो. त्यातल्या दवाखान्यासाठी मुराकींनी जुनं, वापरलेलं लाकूड लावलं, अंथरुणंसुद्धा शूटिंगआधी माणसं झोपवून वापरून घेतली होती. आपल्याला जुनं लाकूड परवडत नाही. पॅकिंगच्या खोक्यांचं पाइन घ्या, गॅसच्या टॉर्चनं वरवर भाजा, तारेच्या ब्रशनं रेषांच्या दिशेनं घासा. मऊ भाग झडतो, रेषा उठून येतात. आडवा ब्रश मारलात तर फळी वाया गेली.

किती दिवस हेच करायचं, असं मुलं विचारतात. मुराकी १९४८ साली कुरोसावांच्या 'ड्रंकन एंजल'वर कला दिग्दर्शक ताकाशी मात्सुयामांच्या हाताखाली होते. कुरोसावांच्या चित्रपटाचं कला दिग्दर्शन त्यांच्याकडे आलं १९५५ मध्ये. सात वर्षं धरून चाला.

मॉडेल झालं की मोबाइलचा कॅमेरा मॉडेलच्या जमिनीपासून चार सेंटिमीटरवर धरा. चटईवर बसलेल्या माणसाचे डोळे साधारण तिथं येतात. त्या फ्रेममध्ये छत दिसतंय का बघा. दिसत असेल तर छतही बांधायला घ्या.