कॅमेलिया: नळ बंद करण्याआधी एक बादली

(मेरीलँड, न्यू जर्सी, उत्तर व्हर्जिनिया, ऑक्टोबरअखेर ते मे)

बाहेरचा नळ अजून चालू आहे ना? मग हे नंतर वाचा, आधी कॅमेलियाला पाणी घाला. तीन फुटी झाडाला पाच गॅलनची एक बादली, धार बारीक ठेवून, खोल मुरेल अशी.

दर वर्षी तेच पाहतो. पाइप फुटू नये म्हणून नोव्हेंबरात आपण बाहेरचा नळ बंद करतो, होज गुंडाळून गराजमध्ये टाकतो, आणि बागेचं पाणी त्या दिवशी तुटतं. मेपलचं ठीक आहे, तो पानं झाडून मोकळा होतो. कॅमेलिया सदाहरित फुलझाड, चहाची सख्खी बहीण. जानेवारीत ऊन पडलं, वारा सुटला की तिच्या पानांतून पाणी उडत राहतं आणि खाली माती दगड झालेली. मुळांना घोटभरही मिळत नाही. मार्चमध्ये पानं तपकिरी झाली की ‘थंडीनं गेलं’ म्हणून आपण झाड उपटतो. अशी उपटलेली झाडं मी हातात घेऊन पाहिली आहेत. मुळांचा गोळा अजून कुंडीच्याच आकाराचा, आणि आतून ठणठणीत कोरडा.

निफाडला पारा घसरला की द्राक्षबागाईतदार रात्री बागेला पाणी देतात, कारण ओली माती ऊब धरते. शेकोट्या पेटवून धूरही करतात. इथे धूर केलात तर शेजारी फायर ट्रक बोलावतील. पाणी मात्र घालता येतं.

नळ बंद झाल्यावर काय? स्वयंपाकघरातून बादली. इथल्या विद्यापीठांचा सल्ला असा की हवा ४० अंश फॅरनहाइटच्या वर असेल आणि माती गोठलेली नसेल, तेव्हा दुपारपर्यंत पाणी द्यावं. माझा आडाखा याहून साधा: दोन आठवडे पाऊस-बर्फ नाही, बोट दोन पेरं मातीत घातलं आणि कोरडं निघालं, की बादली उचला. शेजारच्या ऱ्होडोडेंड्रॉनची पानं विडीसारखी वळलेली दिसली, तर कडाका पडला, पाणी त्याआधीच द्यायला हवं होतं असं समजा. वळचणीखाली लावलेल्या झाडाकडे दुप्पट लक्ष हवं. पाऊस अंगणात पडतो, वळचणीखाली थेंब पोचत नाही.

आता निवड. दिवाळीच्या सुमारास मोठ्या दुकानांत कॅमेलिया फुललेली दिसते आणि आपण हरखून घेतो. ती बहुधा दक्षिणेत वाढवलेली असते, आणि नोव्हेंबरात लावली तर मूळ धरायला वेळच नसतो. झोन ६ आणि झोन ७च्या थंड भागात (झोन म्हणजे हिवाळ्यातल्या नीचांकी तापमानानुसार पाडलेले सरकारी विभाग, आकडा लहान तितकी थंडी जास्त) लावणी वसंतातच करा. फुलाला भुलून आताच घेतली असेल तर कुंडीसकट न तापवलेल्या गराजमध्ये, खिडकीजवळ ठेवा. पाणी तिथेही विसरू नका.

जात नीट विचारून घ्या. वॉशिंग्टनच्या नॅशनल आर्बोरेटम या सरकारी वृक्षोद्यानात शेकडो कॅमेलिया होत्या. १९७०च्या दशकाअखेरीच्या लागोपाठच्या कडक हिवाळ्यांत जवळजवळ सगळ्या गेल्या. तगलेल्या थोडक्यांत ओलेइफेरा होती, चीनमध्ये जिच्या बियांचं खाद्यतेल काढतात ती. विल्यम अ‍ॅकरमन या वनस्पतिशास्त्रज्ञांनी तिच्याशी संकर करून ‘विंटर्स स्टार’, ‘विंटर्स रोझ’, ‘विंटर्स स्नोमॅन’ अशा जाती काढल्या. त्या शरदात फुलतात, कडाक्याआधी फुलं उरकतात, म्हणून झोन ६साठी माझी पहिली पसंती त्यांना. वसंतात फूल हवं असेल तर नॉर्थ कॅरोलिनाच्या क्लिफर्ड पार्क्स यांनी संकरातून काढलेली ‘एप्रिल’ मालिका घ्या, ‘एप्रिल ब्लश’ किंवा ‘एप्रिल स्नो’. साधी जपोनिका, म्हणजे बागांत नेहमी दिसणारी कॅमेलिया, झोन ७मध्ये जगेलही, पण तिच्या कळ्या झाडाच्या आधी मरतात आणि आपण वर्षभर नुसती पानं पाहतो.

जागा घराच्या उत्तरेला किंवा पश्चिमेला, वाऱ्याला आड. पूर्वेची नको. रात्री गोठलेल्या कळीवर सकाळचं ऊन पडलं की ती करपते.

बाकीची कामं:
- मातीचा सामू (pH) ५.५ ते ६.५, न्यू जर्सीकरांनी माती रटगर्स विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत तपासून घ्यावी
- लावताना मुळांचा गोळा जमिनीच्या इंचभर वर
- आच्छादन २-३ इंच, खोडाला न चिकटवता
- खत वसंतात फुलं सरल्यावर. जुलैनंतर अजिबात नाही
- वाऱ्याच्या बाजूला खुंट्या ठोकून गोणपाट, पानांना न लागता, प्लास्टिक नको

दुकानदार याच दिवसांत पानांवर फवारायचं मेणचट औषध गळ्यात मारतो, ‘हिवाळी कवच’ म्हणून. त्याच्या चाचण्यांचे निकाल उलटसुलट आहेत. त्या बाटलीच्या पैशात आच्छादनाला दोन गोण्या पाइन बार्क (पाइनच्या सालीचे तुकडे) येईल, ती आणा. ‘कॅमेलिया स्पेशल’ खताचंही तेच. साधी सरकीची पेंड चालते, आणि मी पाकिटावरच्या मात्रेच्या निम्मीच घालतो. गावाकडे कृषी केंद्रवाला टॉनिकची बाटली हातात ठेवायचा, इथे बाटलीवरचं लेबल तेवढं गुळगुळीत.

पानावर पिवळे ठिपके दिसले तर पान उलटा. खाली पांढरट कापसासारखं असेल तर ती खवले कीड. बागायती तेल (हॉर्टिकल्चरल ऑइल) २ टक्के, म्हणजे गॅलनला पाच टेबलस्पून, पानांच्या खालून पूर्ण भिजेल असं फवारा. गोठणाऱ्या रात्रीच्या आधी किंवा कडक उन्हात नको. वसंतातली फुलं तपकिरी होऊन गळाली तर ती पाकळ्यांवरची बुरशी समजा, फुलं रोज वेचून कचऱ्यात टाका, कंपोस्टमध्ये नाही. त्या बुरशीच्या गाठी मातीत काही वर्षं टिकतात.

मार्चमध्ये झाड भाजल्यासारखं दिसलं तरी मेअखेरपर्यंत कात्री लावू नका. नखानं साल खरवडा, खाली हिरवं असेल तर फांदी जिवंत आहे. कोरडी निघाली तर हिरवं लागेपर्यंत मागे कापत या, आणि त्याच दिवशी बादलीभर पाणी.